भाजलेल्या तांदळांची ओटी

काकांच्या दारात कायम एक बादली असायची. निळी, प्लॅस्टिकची, एका बाजूला कड तुटलेली. तिच्यात कोमट पाणी, पाण्यात एक मग आणि शेजारी दात घासायचा जुना ब्रश. काकांविषयी सांगायचं तर कुठून सुरुवात करायची हे मला आजही ठरवता येत नाही. बादलीपासून सुरू केलं की निदान आपण दारात तरी पोचलेलो असतो.

कॅनडातल्या नॉर्थ यॉर्कच्या त्या घरी मी पहिल्यांदा गेलो तो जानेवारी होता. पुण्याहून निघून विमानतळावर उतरलो आणि टॅक्सी करून थेट तिथे. दोन बॅगा, पाठीवर सॅक, अंगात लक्ष्मी रोडवरून घेतलेलं जॅकेट, जे तिथल्या थंडीला बंडीइतकंही पुरत नव्हतं. बेल दाबली. दार उघडलं तर समोर उंच, वाळका, गळ्यात मफलर गुंडाळलेला साठीचा माणूस.

"नमस्कार काका. बेसमेंटसाठी मी फोन केला होता."

"बूट धुवा," काका म्हणाले.

मला वाटलं ऐकण्यात चूक झाली. ते बादलीकडे बोट दाखवून म्हणाले, "इथेच धुवा. तळवे ब्रशनं घासा. खाचांमध्ये बिया अडकतात."

माझ्या पाठीमागे गुडघाभर बर्फ होता. रस्त्यावर एका झाडाला पान नव्हतं. आणि मी ज्या शहरातून आलो होतो तिथे माझे बूट डांबराशिवाय कशाला लागले नव्हते. पण परदेशात पहिला दिवस असला की माणूस कशालाही हो म्हणतो. मी वाकून बूट घासले. काकांनी टॉर्च लावून तळवे तपासले, मान हलवली आणि विचारलं, "काय सोडून आलात?"

"नोकरी," मी म्हटलं. "म्हणजे तिकडची."

"ती सगळेच सोडतात. आणखी काय?"

मी माझ्या दोन बॅगांकडे बघितलं. ते म्हणाले, "घाई नाही. कळलं की सांगा," आणि बेसमेंटची किल्ली माझ्या ओल्या हातात दिली. भाडं किती, हे शेवटी मलाच विचारावं लागलं.

काका मूळचे अमरावतीचे, इलेक्ट्रिकल इंजिनिअर. आयुष्यभर ट्रान्सफॉर्मर सांभाळून निवृत्त झालेले. मीही इंजिनिअर, त्यांना मुलगा शोभेल अशा वयाचा, पण ते मला शेवटपर्यंत अहो-जाहोच करत. भाडेकरूला अरे-तुरे केलं की त्याला घर आपलं वाटायला लागतं, आणि मग तो भांडी सिंकमध्ये तशीच ठेवतो, असं त्यांचं म्हणणं. चिडले की मात्र वऱ्हाडी बाहेर यायची. "काहून" ऐकू आलं की मी बेसमेंटमध्ये उतरून जायचो.

त्यांच्या बैठकीच्या खोलीत देव्हारा होता, आणि देव्हाऱ्याच्या शेजारी, गणपतीच्या बरोबरीने म्हणावं अशा उंचीवर, एका कोळ्याचा फोटो. पिवळा कोळी, त्याच्या पाठीवर लाल-काळ्या रंगात हसरा चेहरा, दोन डोळे आणि तोंडसुद्धा. मी समजलो पोरांनी काहीतरी चिकटवलं असेल. काका म्हणाले, हा असाच जन्मतो. जगात फक्त हवाईच्या बेटांवर सापडतो, दुसरीकडे कुठेच नाही. त्याच्या खाली दुसरे फोटो होते. समुद्रात बुडी मारून शेवाळ खाणारा आणि नाकातून मीठ शिंकणारा सरडा. उडणं विसरलेला पाणकावळा. आणि एक गुबगुबीत, मुठीत मावेल असा पक्षी, जो एकाच निर्मनुष्य बेटावर गवतातून उंदरासारखा पळतो. सगळी मंडळी ज्वालामुखीच्या बेटांवरची. लायब्ररीतून आणलेली पुस्तकं सोफ्यावर असायची, आणि पाहुणा आला की त्याला पुस्तकं उचलून आपली जागा करून घ्यावी लागे.

"असं बघा," काका सांगायचे. "भर समुद्रात ज्वालामुखी फुटतो. दगड वर येतो. त्या दगडावर कोणी नाही. मग कोणीतरी येतं. वाऱ्यावर येतं, ओंडक्यावर बसून येतं, पक्ष्याच्या पायाला चिकटून येतं. आल्यावर बघतं तर तिथे आपल्याला खायला उठणारं कोणीच नाही. मग जे लागत नाही ते हळूहळू सुटतं. पाणकावळ्यानं उडणं सोडलं. रासबेरीनं काटे सोडले. पुदिन्यानं वास सोडला."

"वास नसलेला पुदिना?"

"आहे."

"मग त्याची चटणी कशी..."

"चटणीसाठी नाहीये तो," काका तुटकपणे म्हणाले.

मला कळत नव्हतं की हा माणूस मला प्राणिशास्त्र शिकवतो आहे, की नव्याने आलेल्या भाडेकरूला समज देतो आहे. आता विचाराल तर आताही कळलेलं नाही.

रविवारी दुपारी काकांचा फोन असायचा. त्यांना ऐकायला कमी येई, म्हणून स्वयंपाकघरातला फोन स्पीकरवर टाकलेला, आणि वॉशिंग मशीन त्याच मजल्यावर असल्यामुळे मी कपड्यांचा ढीग घेऊन नेमका तिथेच. फोन त्यांच्या मुलीचा. ती हवाईच्या मोठ्या बेटावर राहायची, जिथला ज्वालामुखी अजून जागा आहे. तिथल्या पक्ष्यांची देखभाल करणं ही तिची नोकरी. दोघांचं बोलणं दर आठवड्याला साधारण असं:

"हॅलो. नेने कशी आहेत?"

"दे आर गुड, बाबा. पार्किंग लॉटजवळ दोन जोड्या आहेत. पिल्लं एनी डे नाऊ."

"आणि मुंगूस?"

"मंगळवारी एक ट्रॅप केलं."

"एकच?"

"वन इज गुड, बाबा."

"पाऊस?"

"लॉट्स."

"बरं. ठेवतो."

पहिल्या रविवारी मला वाटलं की कोकणातले कोणी नेने कुटुंब तिकडे स्थायिक झालं आहे आणि त्यांना मुंगसांचा त्रास आहे. तो घोळ चहा संपायच्या आत निस्तरला. नेने हे तिथल्या एका हंसाचं नाव. म्हणजे बदक आणि हंस यांच्या मधलं काहीतरी, इथे ज्याला आपण गूज म्हणतो ते. पण दुसरा घोळ काही निस्तरेना. लेक साडेचार हजार मैलांवर राहते, बाप विधुर, एकटा. फोनवर तू जेवलीस का नाही, बरी आहेस का नाही, जावई काय म्हणतात नाही. सगळी चौकशी पक्ष्यांची. आणि तीही तशीच. तिनेसुद्धा कधी विचारलं नाही की बाबा, तुमचं ब्लडप्रेशर कसं आहे.

नेने ही काकांची सगळ्यात लाडकी, कारण ती मूळची इथली. आमच्या घरामागच्या तळ्यावर कॅनडा गूज यायच्या. सगळा रस्ता घाण करून ठेवायच्या आणि जवळ गेलं की सापासारख्या फुत्कारायच्या. काका त्यांच्याशी उभे राहून बोलायचे. "यांच्यासारखाच एक थवा," ते मला सांगायचे, "लाखो वर्षांपूर्वी हिवाळा टाळायला निघाला. वाट चुकला आणि समुद्राच्या मधोमध त्या दगडांवर जाऊन पडला. परत आलाच नाही. मग बोटांमधला पडदा आखडला, लाव्हावरून चालता यावं म्हणून. आवाज मऊ झाला. लांब उडणं सुटलं. आता ती हिला ओळखणार नाही, आणि ही तिला."

हेच त्यांनी एकदा फोनवर लेकीला सांगितलं, तेव्हा ती म्हणाली, "वाट चुकले नाहीत, बाबा. दे लँडेड."

"चुकले म्हणूनच उतरले."

"ते तुम्ही म्हणता."

त्यावर काका नेहमीचं "बरं, ठेवतो" न म्हणता नुसतेच उभे राहिले, आणि मी मशीनमधून अर्धे ओले कपडे काढून खाली निघून गेलो.

मुंगसाचं प्रकरण वेगळं. उसाच्या मळ्यांत उंदीर माजले म्हणून कधीकाळी त्या बेटांवर मुंगूस आणून सोडलं. उंदीर रात्री बाहेर पडायचे आणि मुंगूस दिवसा, त्यामुळे दोघांची गाठच पडेना. मग मुंगसांनी जमिनीवरची घरटी शोधली आणि नेनेची अंडी खाल्ली. एक वेळ अशी आली की नेने बोटांवर मोजण्याइतकी उरली. आणि ते मुंगूस कुठलं? मूळचं हिंदुस्थानातलं. हे सांगताना काकांची मान खाली जायची. जणू त्यांनीच ते मुंगूस बॅगेत घालून नेलं होतं.

"आपल्याकडे मुंगूस दिसलं की शुभ म्हणतात ना हो," मी म्हटलं.

"आपल्याकडे," काका म्हणाले.

महाराष्ट्र मंडळाच्या गणेशोत्सवात त्यांनी एकदा भाषण केलं होतं. एका शाळेच्या जिममध्ये उत्सव, स्टेजवर थर्माकोलचं मखर, मागे बास्केटबॉलचं जाळं. नव्याने आलेल्या कुटुंबांसाठी 'पहिला हिवाळा' असा विषय दिलेला. काका उभे राहिले आणि मुंगसावर बोलले. पंचवीसेक मिनिटं. कुणाकडे पाहुणे जाताना आपण काय घेऊन जातो, असं त्यांचं सूत्र होतं. चांगल्या हेतूनेच नेतो आणि तिथे काय काय मोडून येतो. लहान मुलं "मंगूज! मंगूज!" करत खुर्च्यांखाली शिरली. शेवटी एका बाईंनी हात वर करून विचारलं, "काका, ते सगळं ठीक आहे, पण विंटर टायर्स कधी लावायचे?" काका म्हणाले, "पहिला बर्फ पडायच्या आधी," आणि बसले. पुढच्या वर्षी त्यांना आरतीचं ताट धरायला दिलं.

लेकीबद्दल ते स्वतःहून एकदाच बोलले. सकाळी ड्राइव्हवेवरचा बर्फ शोव्हलने काढत होतो दोघं. रात्रीत फूटभर पडला होता. काका माझ्या बाजूचा बर्फ उडवत म्हणाले, "वॉटर्लूला इंजिनिअरिंगला होती. टर्म संपवून घरी आली की तिची आई तिला दारात थांबवायची. पायांवर पाणी घालायची, भाकरतुकडा ओवाळून टाकायची, मग आत घ्यायची. इथे, कॅनडात. शेजारी बघत असायचे. मला लाज वाटायची."

मी शोव्हल टेकवून उभा राहिलो.

"मग तिची आई गेली. वर्षही झालं नव्हतं. ही बॅग घेऊन दारात आली. म्हणाली, बाबा, आय ड्रॉप्ड आउट. पक्ष्यांचं शिकायला जाते. मी दारातच उभा होतो."

"मग?"

"मग काय? मी बाजूला झालो नाही."

ते पुन्हा शोव्हल करायला लागले. त्या दारातूनच ती माघारी वळली, मैत्रिणीकडे गेली, पुढे व्हँकूव्हरकडे कोक्विटलामला राहून शिकली आणि तिथून बेटावर. काकांच्या दारात पुन्हा आली नाही. पहिली दोन वर्षं फोनही नव्हता. मग एका दिवाळीला तिने नेनेच्या पिल्लाचा फोटो पाठवला, मागे एक अक्षर न लिहिता. काका लायब्ररीत गेले आणि पुस्तक घेऊन आले. तेव्हापासून हे सगळं.

"तुम्हीच जा ना तिकडे," मी म्हटलं.

"बेटावर जाऊ नये," काका म्हणाले. "जो जातो तो काहीतरी मोडून येतो. मुंगूसही भलं करायलाच नेलं होतं."

मला त्यांची दया आली आणि रागही आला. असला हट्ट कशासाठी? पण त्यांच्या चेहऱ्यावर हट्ट नव्हता, भीती होती.

पुढच्या वर्षी माझं लग्न झालं आणि बायको आली. तिनेही बूट धुतले. मात्र "काय सोडून आलात?" यावर ती पटकन म्हणाली, "आईच्या हातचा चहा," आणि काकांनी तिला पहिल्या दिवसापासून पास करून टाकलं. रविवारचं जेवण आम्ही वर करू लागलो. अशाच एका रविवारी, जानेवारीच्या शेवटी, बायको मटार सोलत बसली होती आणि फोन वाजला.

"नेने कशी आहेत?"

"गुड. बाबा, आय ऍम सेव्हन मंथ्स."

बायकोचा हात थांबला.

काका म्हणाले, "बरं. आणि मुंगूस?"

पुढचं बोलणं नेहमीसारखंच झालं. फोन ठेवल्यावर काका टेबलाशी येऊन बसले, एक मटार उचलला, तो बराच वेळ निरखला आणि बायकोला विचारलं, "ओटी भरायला काय काय लागतं हो?"

तिला आधी वाटलं की माहिती म्हणून विचारत आहेत. तिने सांगितलं: तांदूळ, नारळ, हळकुंड, सुपारी, खण, एखादं फळ. काका एकेका वस्तूवर विचार करू लागले. फळ बाद. नारळ उगवतो, बाद. हळकुंडावर तिने सांगितलं की ते वाळलेलं असतं, तर ते "उकळून घेऊ" म्हणाले. सुपारी फोडून घ्यायचं ठरलं. मग आले तांदळावर.

"तांदूळ म्हणजे बी," काका म्हणाले.

"अहो, पण तांदळाशिवाय ओटी कशी होणार?"

"भाजून नेऊ."

बायको उभीच राहिली. "काका, सातव्या महिन्यात ओटी भरतात ती काहीतरी उगवावं म्हणून. आणि तुम्ही उगवणार नाही याची खात्री करून भरणार?"

"तिथे एक दाणा सांडला तर?" काकांचा आवाज चढला. "काहून समजत नाही तुम्हाला? त्या पोरीनं दहा वर्षं तिथलं एक-एक बाहेरचं रोप हातानं उपटलंय. मी जाऊन तिथे काय भात पेरू?"

मी म्हणालो, "किती तापमानाला भाजले की बी मरतं, ते बघायला पाहिजे." बायकोने माझ्याकडे अशा नजरेने पाहिलं की मी ते वाक्य परत घ्यायला तयार होतो. पण काकांना ते पटलं. आम्ही दोन इंजिनिअर कढईसमोर उभे राहून तांदूळ भाजू लागलो. गुलाबी होईपर्यंत. मग चाचणी. एका बशीत ओला कापूस, त्यावर भाजलेले दाणे. दुसऱ्या बशीत न भाजलेले, तुलनेसाठी. दोन्ही बशा खिडकीत. आठवड्याने बघितलं तर भाजलेले उगवले नव्हते. न भाजलेलेही उगवले नव्हते. काका चिंतेत पडले. "खिडकीत थंडी आहे," ते म्हणाले. "चाचणी फेल गेली. काही सिद्ध होत नाही." आणि त्यांनी तांदूळ पुन्हा एकदा भाजले, या वेळी तपकिरी होईपर्यंत. घरभर खमंग वास सुटला.

आमच्यापैकी एकालाही काही खटकलं नाही, हे मी नमूद करून ठेवतो.

जायची तयारी म्हणजे ऑपरेशनची तयारी. नवे बूट आणले आणि आणल्याबरोबर धुतले. बॅग आतून व्हॅक्यूम केली. जॅकेटचे खिसे उलटे करून शिवणी ब्रशने झाडल्या. वेल्क्रोमध्ये कुसळं अडकतात म्हणून चष्मा लावून सुईने एकेक धागा काढत बसले. बायकोने हिरवा खण दिला, तो त्यांनी इस्त्रीने दोन्ही बाजूंनी तापवला. "पण ओटी बायकांनी भरायची असते काका," ती हळूच म्हणाली. ते म्हणाले, "तिची आई असती तर मी कशाला गेलो असतो?"

मीच त्यांना विमानतळावर सोडायला गेलो. बॅग उतरवून ट्रॉलीवर ठेवली तेव्हा माझा हात धरून म्हणाले, "मी गेलो अन् काही मोडलं तं?"

"नाही मोडणार काका."

"तुम्हाला काय माहीत?"

खरंच, मला काय माहीत होतं? तरी मी पुन्हा "नाही मोडणार" म्हणालो. पाठमोरे काका आत जाताना फार लहान दिसले. मी पार्किंगचं तिकीट हरवून बसलो आणि ते शोधण्यात वेळ गेला.

काका परत आले ते रापून. नाकाची साल निघालेली. आम्ही उत्सुकतेने वर गेलो.

"कशी आहेत नेने?" मी विचारलं. त्यांना तोच प्रश्न समजतो असं मला वाटलं.

"पाहिली. रस्ता ओलांडत होती. सगळ्या गाड्या थांबल्या होत्या."

"आणि ओटी?"

"झाली," काका म्हणाले, आणि हळकुंडं उकळलेलं भांडं घासायला घेतलं, जे बायकोने केव्हाच घासून ठेवलं होतं.

एवढंच. आम्ही दोघं खाली येऊन एकमेकांकडे बघत बसलो. बरं झालं की वाईट झालं, याचा काही पत्ता लागेना. दुसऱ्या दिवशी काका लायब्ररीत गेले असताना वरचा फोन वाजला. बायकोने स्पीकर लावला. काकांची लेक होती. आम्ही कोण ते सांगितल्यावर ती म्हणाली, "ओह, तांदूळवाले तुम्हीच ना?" आणि खदखदून हसली.

"भाजले तुम्ही ते. ऑल ऑफ यू. पॉलिश केलेला तांदूळ, साल काढलेला. तो उगवतच नाही! पेरायला भात लागतो, सालीसकट. इतकी वर्षं बाबा मला सीड डिस्पर्सलवर लेक्चर देतात. मी एवढी हसले की माझ्या नवऱ्याला वाटलं, लेबर सुरू झालं."

खिडकीतल्या दोन बशा माझ्या डोळ्यांसमोर आल्या. बायकोने कपाळावर हात मारून घेतला.

"मग काय केलंत त्यांचं?" तिने विचारलं.

"ओटी भरली ना. बाबांनीच भरली. अर्धे खाली सांडले. मग ते गुडघ्यावर बसून दाणा-दाणा वेचत होते. मी म्हटलं, लेट इट बी, बाबा, काही होत नाही. उरलेल्यांची आम्ही खीर केली. स्मोकी झाली. पण ते नंतर. आधी ते आतच येईनात."

"म्हणजे?"

"दारात उभे. मी म्हटलं, कम इन. ते नाहीच. म्हणाले, पाणी आण. मी बादली आणली. मला वाकता येत नव्हतं, पोटामुळे, सो आय जस्ट पोअर्ड. उभ्यानंच. पण त्यांनी शूज काढून बाजूला ठेवले होते. सॉक्ससुद्धा. अनवाणी उभे होते. मी त्यांच्या पायांवर पाणी घातलं." तिचा आवाज बदलला. "बियांसाठी असतं तर शूज धुवायचे ना? पाय कशाला? आई घालायची ना, तसं... आय डोन्ट नो. मी विचारलं नाही. ते पण काही बोलले नाहीत. पाणी घालून झालं आणि मग मी दारातून बाजूला झाले."

बायको रडत होती. मीही डोळे पुसले, लपवण्यात काही अर्थ नव्हता. तिकडून ती म्हणाली, "बाबांना सांगू नका हं मी बोलले ते. त्यांना सांगा, नेने आर गुड."

त्या रविवारी फोन आला तेव्हा मी मुद्दाम कपडे घेऊन वर गेलो. आता काहीतरी वेगळं ऐकायला मिळेल अशी माझी खात्री होती. काकांनी विचारलं, "नेने कशी आहेत?" ती म्हणाली, "गुड, बाबा." मग मुंगूस, मग पाऊस. बरं, ठेवतो. मी मशीनसमोर ताटकळत उभा. एवढं होऊनही बोलणं होतं तिथेच, की बोलणं आधीपासूनच झालेलं होतं आणि मलाच ऐकू येत नव्हतं? काकांना विचारायची सोय नव्हती. एकच फरक मला दिसला. तळ्यावर फिरताना ते एका नव्या शेजाऱ्याला त्या थव्याची गोष्ट सांगत होते, आणि या वेळी म्हणाले, "मग तो थवा तिथे उतरला." वाट चुकल्याचं त्यांनी सांगितलंच नाही. विसरले की गाळलं, कोण जाणे.

मार्चअखेर पुन्हा एकदा बर्फ पडला. शेवटचा असेल असं वाटताना पडतो तसा, जड आणि ओला. ऑफिसातून येताना बसस्टॉपपासून चालत आलो. बुटांवर रस्त्यावर टाकलेल्या मिठाचे पांढरे डाग, पायमोजे भिजलेले. दार उघडं होतं आणि दारात काका. बादली जागेवर. मी सवयीने वाकलो आणि ब्रश उचलायला गेलो.

"राहू द्या," काका म्हणाले. "बूट काढा."

मी बूट काढले. मोजेही काढायला लावले. बर्फात अनवाणी उभा राहून मी त्यांच्याकडे बघतच राहिलो. काकांनी बादलीतून मग भरला आणि वाकून कोमट पाणी माझ्या पायांवर घातलं, एकदा उजव्या, एकदा डाव्या. समोरची शेजारीण गाडी पुसता पुसता थांबून बघत होती.

"काका, बिया?" मी विचारलं.

काका दारातून बाजूला झाले आणि म्हणाले, "आत ये."